जानेवारीतले पदवीदान आणि वडिलांची टोपी: पाहुण्या पुरुषांच्या पोशाखाचे एक प्रकरण

पार्श्वभूमी

तासगाव तालुक्यातल्या एका द्राक्ष बागायतदाराची मुलगी एक वर्षाच्या एमएस्सीसाठी इंग्लंडला गेली. ओळख पटू नये म्हणून इथे काही तपशील बदलले आहेत. पोशाखाचे तपशील जसेच्या तसे आहेत. ब्रिटनमधले असे अभ्यासक्रम सप्टेंबरच्या सुमारास सुरू होतात आणि पुढच्या सप्टेंबरात प्रबंध जमा करून संपतात. त्यामुळे पदवीदान बहुधा हिवाळ्याच्या फेरीत येते आणि कितीतरी मराठी आईवडिलांना इंग्लंड पहिल्यांदा दिसते ते ऐन थंडीत.

या मुलीचा समारंभ जानेवारीच्या मध्यावर, दुपारी दोन वाजता, उत्तर इंग्लंडमधल्या एका जुन्या कॅथेड्रलमध्ये, म्हणजे मोठ्या चर्चमध्ये, होता. डरहॅम, कँटरबरी, लिंकन अशा शहरांत विद्यापीठाचे पदवीदान कॅथेड्रलमध्ये होते. शेकडो वर्षांची दगडी इमारत, उंच छत, सपाट फरसबंद जमीन आणि त्यावर ओळीने मांडलेल्या खुर्च्या असा तो मामला असतो. जानेवारीत तिथे दिवसाचे तापमान फार तर सहा-सात अंशांवर जाते आणि सव्वाचारच्या आत सूर्य मावळून अंधारू लागते. फोटो समारंभाआधी काढायचे की नंतर, हे या अंधारामुळे आधीच ठरून जाते.

जाणारे पुरुष तीन. वडील, वय त्रेसष्ट. रोजचा वेश पांढरा नेहरू शर्ट, पांढरा पायजमा, डोक्यावर खादीची टोपी आणि पायात चप्पल. थोरला मुलगा, वय तीस, पुण्यात नोकरीला. तिसरा लेस्टरला राहणारा मावसभाऊ. सगळ्यांना गाडीने नेण्या-आणण्याचे काम त्याच्याकडे होते. दर विद्यार्थ्यामागे दोनच तिकिटे असल्याने ती आईवडिलांना गेली. थोरल्यासाठी जादा तिकिटाचा अर्ज केला होता आणि ते अगदी शेवटच्या आठवड्यात मिळाले. मावसभावाला तिकीट नव्हते.

ऑक्टोबर छाटणीची बाग जानेवारीत काढणीच्या तोंडावर असते. वडिलांनी आठ दिवसांच्या वर द्यायला साफ नकार दिला. तिथे जाऊन खरेदी करायला वेळच नव्हता. जे लागेल ते डिसेंबर संपायच्या आत इथेच तयार व्हायला हवे होते.

अडचण

पाहुण्यांसाठीच्या सूचनेचा आशय थोडक्यात असा होता: पोशाखाचे बंधन नाही, प्रसंगाला शोभतील असे नीटनेटके कपडे घाला, पारंपरिक पोशाख असला तरी आनंदच आहे, इमारत थंड असते तेव्हा उबदार कपडे आणा. सूचना साधी होती, पण घरात तिचे तीन अर्थ निघाले. मुलीला वाटले, वडिलांनी सूट घालावा, म्हणजे तिथल्या गर्दीत त्यांना अवघडल्यासारखे होणार नाही. थोरल्याला वाटले, पारंपरिक चालते म्हणतात तर शेरवानी आणि कोल्हापुरी फेटा, दणक्यात होऊ दे. वडील म्हणाले, "माझं हाय तेच बरं. पण उघड्या डोक्यानं बसणार न्हाई."

या शेवटच्या वाक्यात खरी गाठ होती. आपल्याकडे शुभकार्यात पुरुषाने डोक्यावर काहीतरी ठेवावे, निदान त्या पिढीने ठेवावेच, अशी रीत. चर्चमध्ये पुरुषाने टोपी काढावी, अशी तिकडची रीत. दोन्हींच्या मागे आदरच आहे, फक्त तो दाखवायची पद्धत उलटी आहे. शिवाय समारंभ चर्चच्या इमारतीत असला तरी विद्यापीठाचा, मग कोणाची रीत चालणार? यावर आठवडाभर नुसती चर्चा झाली आणि तेवढा आठवडा शिलाईतून कमी झाला.

कोणते पर्याय होते

तयार सूट आणि टाय हा सगळ्यात सुरक्षित वाटणारा पर्याय. सभागृहातले बरेच पुरुष तसेच येतात. पण त्रेसष्टाव्या वर्षी पहिल्यांदा टाय बांधलेला माणूस पूर्ण वेळ गळ्याशी हात नेत राहतो. सुटाचा कोट पुढून उघडा असल्याने छातीवर एकच शर्ट राहतो आणि आत थर्मल (अंगालगतचा उबदार कपडा) घातले तर त्याचा गळा कॉलरमधून डोकावतो. टोपी घालायचीच असेल तर टायवर ती विजोड दिसते.

रोजचाच पांढरा वेश नेला असता तर कोणी हरकत घेतली नसती, हे स्पष्ट सांगायला हवे. मानाच्या दृष्टीने त्यात काहीही कमी नव्हते. कमी पडले असते ते कापड. पॉपलिनच्या पांढऱ्या शर्टातून आतले राखाडी थर्मल दिसते, पांढरे घेतले तरी त्याची शिवण दिसते, आणि ओल्या दगडी रस्त्यावर पांढऱ्या पायजम्याच्या मागे गुडघ्यापर्यंत चिखलाचे शिंतोडे उडतात.

शेरवानी-फेट्याला दोन कारणांनी नाही म्हणावे लागले. एक, पदवीधराचा गाऊन बहुधा साधा काळा असतो आणि रंग असतो तो हूडला, म्हणजे गळ्यातून पाठीवर सोडलेल्या कापडाला. शेजारी जरीकाम उभे राहिले की फोटोत नजर आधी तिकडेच जाते. ज्याचा दिवस त्याच्याकडे नजर जावी, ही पाहुण्याच्या पोशाखाची पहिली कसोटी. दुसरे कारण मागच्या माणसाचे. तुऱ्यासकट कोल्हापुरी फेटा डोक्यावर सहज वीतभर चढतो. सपाट जमिनीवर मांडलेल्या खुर्च्यांत मागच्या ओळीतल्या आईवडिलांना त्यांच्या मुलाचे व्यासपीठावरचे ते काही सेकंदही दिसत नाहीत. शिवाय आठ-दहा मीटर कापडाचा फेटा तिथे बांधणार कोण, आणि शिवलेला तयार फेटा बॅगेत दबून बसतो.

चौथा पर्याय टेलरमास्तरांनी सुचवला: बंद गळ्याचा कोट, त्याच कापडाची पँट आणि डोक्यावर नेहमीची पांढरी टोपी. हा वेश आपल्याला परकाही नाही. शंभर वर्षांपूर्वी महाराष्ट्रातले वकील आणि शाळामास्तर बंद गळ्याचा कोट, धोतर आणि पगडी किंवा टोपी घालूनच कामावर जात. टायचा प्रश्न येत नाही, गळ्यापर्यंत कोट असल्याने आत दोन थर लपतात आणि टोपीशी जोड जमते. थोरल्याला तो "पुढाऱ्यासारखा" वाटला, पण वडिलांनी आरशात पाहून मान डोलावली. आमच्या मते निर्णय तिथेच व्हायला हवा होता. ज्याला तीन तास तो कपडा अंगावर वागवायचा आहे त्याचे मत शेवटी विचारले गेले, आणि हे बहुतेक घरांत असेच होते.

पूर्ण पाश्चात्त्य पोशाखाचा आग्रह मुलीने सोडला त्याला आणखी एक कारण झाले. आपल्याकडेच काळे गाऊन मागे पडत चालले आहेत. ऑगस्ट २०२४मध्ये केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने एम्ससारख्या आपल्या संस्थांना काळा झगा सोडून त्या त्या राज्याच्या परंपरेला धरून पोशाख ठरवायला सांगितले. थोरल्याने ही बातमी दाखवल्यावर "आपला कपडा औपचारिक नसतो" हा मुद्दा घरात कोणी पुन्हा काढला नाही.

टोपीचा निर्णय

मुलीने पदवीदान कार्यालयाला मेल लिहिला. त्यात सरळ तीन गोष्टी विचारल्या: वडील रोज डोक्याला टोपी घालतात, ती समारंभात राहिली तर चालेल का; प्रवेशावेळी काढावी लागेल का; मागच्यांना अडेल एवढी ती उंच नाही, तरी बसण्याच्या जागेबाबत काही सूचना आहे का. दोन दिवसांत उत्तर आले की धार्मिक वा पारंपरिक शिरोवेष्टन ठेवायला काहीच हरकत नाही.

उत्तर येण्याआधी वडिलांनी स्वतःची भूमिका ठरवली होती. "इचारून घे. नगं म्हणाले तर दारात काढीन आन् हातात धरीन. पर कुणी म्हणायच्या आदी न्हाई." दुसऱ्याच्या जागेचा मान आणि स्वतःचा मान दोन्ही यात सांभाळले गेले. असा प्रश्न पडला की अंदाज बांधत बसू नये, आयोजकांना विचारावे. ब्रिटनमधल्या विद्यापीठांना पगडी, हिजाब, ज्यूंची किप्पा या सगळ्याची सवय आहे, आणि विचारले तर उत्तर मिळते. आठवडाभराच्या घरगुती चर्चेने जे सुटले नाही ते एका मेलने सुटले.

कापड, माप आणि ट्रायल

रंग गडद राखाडी ठरला. काळा घेतला असता तर मुलीच्या काळ्या गाऊनला लागून उभे राहिल्यावर दोघांचे खांदे फोटोत एकमेकांत मिसळले असते. राखाडी किंवा गडद निळा वेगळा उठतो आणि त्यावर पांढरी टोपी आणि गळ्याशी दिसणारी शर्टाची बारीक पांढरी पट्टी चेहरा उजळवते.

कापड ५८ इंच पन्ह्याचे, लोकर आणि पॉलिएस्टरचे मिश्रण. मध्यम बांध्याला कोट-पँटला सव्वातीन मीटर पुरते. वडिलांची कंबर ४० इंच म्हणून साडेतीन मीटर घेतले. निव्वळ टेरीरेयॉन स्वस्त पडले असते, पण त्यात ऊब नाही आणि बॅगेतल्या घड्याही लवकर सुटत नाहीत. कोटाला पूर्ण अस्तर लावले. अर्ध्या अस्तराचा कोट आपल्या हवेला बरा. थंडीत मात्र आतले कपडे कोटाला चिकटतात आणि हात वर केला की बाही कोपरापर्यंत ओढली जाते.

पहिले माप डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात, सांगलीच्या दुपारच्या उन्हात, एका पातळ शर्टावर घेतले गेले. चूक इथेच झाली. पंधरा दिवसांनी कच्च्या शिलाईची ट्रायल झाली तेव्हा थोरला पुण्याहून थर्मल घेऊन आला होता. थर्मल, शर्ट आणि वर कोट असे घातल्यावर छातीवरचे तिसरे बटण ओढू लागले आणि दोन्ही बाजूंना आडव्या सुरकुत्या पडल्या. टेलरमास्तरांनी बाजूच्या शिवणीत एक-एक इंच माया (आत दुमडलेले जादा कापड) ठेवली होती म्हणून निभावले. पाऊण इंच सोडल्यावर कोट बसला. माया नसती तर नवे कापड आणायची वेळ आली असती आणि तारीख होती २२ डिसेंबर.

बाकीची मापे अशी ठेवली. कॉलर आणि गळा यांच्यात दोन बोटे सैल. कॉलरच्या आतला हूक लागतो की नाही हे बसून आणि उभे राहून तपासले, कारण बसल्यावर गळा भरतो. बाही मनगटाच्या हाडापर्यंत, खाली शर्टाचा कफ जेमतेम अर्धा सेंटीमीटर. कोटाची लांबी हात सरळ सोडल्यावर अंगठ्याच्या मध्यापर्यंत. आतला शर्ट साध्या पट्टीच्या कॉलरचा. दुमडलेल्या कॉलरचा शर्ट बंद गळ्यात गोळा होतो.

पँटच्या बाबतीत टेलरमास्तरांनी एक शहाणपणाची गोष्ट केली. आयुष्यभर नाडी बांधलेल्या माणसाला पट्टा जेवणानंतर काचतो. त्यांनी कंबरपट्टीच्या दोन्ही कडांना दोन-दोन इंचांचे इलॅस्टिक आतून बसवले. वरून ते कोटाखाली झाकले जाते. समारंभाच्या दिवशी वडिलांनी एकदाही पँट सावरली नाही.

बूट

याच बाबतीत घरातले सगळे गाफील होते. कपड्यांचे ठरेपर्यंत बुटांचा विषय कोणी काढलाच नाही. वर्षानुवर्षे चपलेत राहिलेला पाय पुढे पंजाशी रुंद होतो, बोटे पसरतात, टाचेला भेगा असतात. असा पाय निमुळत्या टोकाच्या, बंद बांधणीच्या ऑक्सफर्ड बुटात घातला की करंगळीला आणि टाचेला तासाभरात फोड येतो.

म्हणून डर्बी पद्धतीचे घेतले. त्यात नाडीच्या पट्ट्या वरून मोकळ्या असतात आणि पाय जाड असला तरी सैल करता येतात. गोल टोक, रुंद फिटिंग, लोकरीच्या मोज्यासाठी नेहमीपेक्षा अर्धा नंबर मोठे आणि तळवा रबरी. कॅथेड्रल बऱ्याच ठिकाणी उंचवट्यावर असते आणि चढाचा रस्ता गोट्यांचा, त्यावर भुरभुर पावसाचे पाणी. चामडी तळव्याचा बूट तिथे घसरतो. खरेदी संध्याकाळी केली, कारण दिवसभरात पाय थोडा सुजतो आणि सकाळी बसलेला बूट दुपारी आवळतो. नंतर दहा-बारा दिवस रोज तासभर ते घालून घरात वावरायचे असे ठरले. वडील ते घालून द्राक्षाच्या ओळींतूनही फिरून आले. बूट पुसावे लागले, पण चामडे मऊ झाले. भेगांना रोज रात्री व्हॅसलीन लावणे हा त्यातलाच भाग होता.

पँटची लांबी हे बूट पायात घालूनच पक्की केली. चपलेवर मापलेली पँट बुटावर अर्धा-पाऊण इंच आखूड पडते.

थोरल्या मुलाचा सूट

वडिलांच्या कपड्यांकडे सगळ्यांचे लक्ष, आणि थोरल्याचे "त्याला काय सांगायचे" म्हणून राहिले. त्याने पुण्यात मॉलमधून तयार सूट घेतला: काळा, अंगाला घट्ट, पँट पोटरीवर आवळलेली, बूट तपकिरी, टोकदार, चामडी तळव्याचे. लग्नाच्या रिसेप्शनला हे चालून गेले असते.

तयार सुटाला कारखान्यात काही कच्चे टाके घातलेले असतात. कोटाच्या मागच्या चिरेवर पांढऱ्या दोऱ्याची फुली असते, बाहेरचे खिसे टाचलेले असतात आणि डाव्या बाहीवर कंपनीची चिठ्ठी शिवलेली असते. हे सगळे कोट दुकानात आणि वाहतुकीत चुरगळू नये म्हणून असते. घालण्याआधी काढायचे असते. आदल्या रात्री हॉटेलात मावसभावाला बाहीवरची चिठ्ठी दिसली आणि त्याने ती नेलकटरने उसवली. पाठीमागची फुली कोणालाच दिसली नाही. ती समारंभभर राहिली आणि बहिणीसोबत पाठमोऱ्या चालण्याच्या एका सुंदर फोटोत अगदी मध्यभागी आली आहे. शिवाय चीर टाचलेली असल्याने खुर्चीत बसताना कोट कुल्ल्यांवर ताणला जात होता.

टायबद्दलही एक सांगण्यासारखे. त्याने तिरप्या पट्ट्यांचा टाय नेला होता. ब्रिटनमध्ये ठरावीक रंगांचे तिरपे पट्टे अनेकदा एखाद्या शाळेची, क्लबची किंवा पलटणीची खूण असतात. मावसभावाने स्वतःचा साधा गडद लाल टाय दिला आणि बांधूनही दिला, टोक पट्ट्याच्या बकलाला टेकेल इतका. दोन बटणांच्या कोटाचे खालचे बटण उघडे ठेवायचे हेही त्यानेच सांगितले.

प्रवास

मुंबईहून निघताना वडिलांचा कोट, पँट आणि बूट केबिन बॅगेत ठेवले, कारण चेक-इन सामान उशिरा आले तर कोट मिळणार नव्हता. बूट जड, तरी तेच आधी भरले आणि त्यांच्या पोकळीत मोजे कोंबले. कोटाची घडी घालताना एक खांदा उलटा करून दुसऱ्यात बसवला, म्हणजे अस्तर बाहेर येते आणि घडीची कडा कापडावर उमटत नाही; मध्ये टॉवेलची गुंडाळी ठेवली. हॉटेलात पोचल्याबरोबर कोट हँगरला लावून बाथरूममध्ये गरम पाण्याच्या वाफेत वीस मिनिटे ठेवला. इस्त्रीची गरज पडली नाही.

टोप्या तीन नेल्या, कडक इस्त्रीच्या, बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात आडव्या. खादीची टोपी पाच मिनिटांच्या भुरभुरीत मऊ पडते, म्हणून एकीवर भागत नाही. थोरल्याचा सूट चेक-इन बॅगेत होता. सुदैवाने बॅग वेळेवर आली.

समारंभाचा दिवस

दोनचा समारंभ साडेतीन-पावणेचारला संपणार आणि नंतर उजेड राहणार नाही, म्हणून फोटो सकाळी अकराला ठरवले. मुलीचा गाऊन तोवर मिळाला होता. वडिलांनी मावसभावाच्या वडिलांचा गुडघ्यापर्यंतचा ओव्हरकोट घातला होता. ओव्हरकोट आतल्या कोटापेक्षा लांब हवा, एवढा एक नियम पाळला की बाकीचे सांभाळता येते. थोरल्याने सुटावर कमरेपर्यंतचे फुगीर जॅकेट घातले होते आणि त्याखाली कोटाची वीतभर काठ बाहेर लोंबत होती. ते जॅकेट काढून फोटोला उभा राहिला की तो थंडीने कापायचा, कारण सूट घट्ट असल्याने आत थर्मल मावत नव्हते.

फोटोसाठी वडिलांचा ओव्हरकोट काढून मावसभाऊ हातात धरायचा. दर पाच-सात मिनिटांनी परत घालायचा. सकाळच्या भुरभुरीत पहिली टोपी गेली. एक वाजता कॉफीच्या दुकानात कोरडी दुसरी घातली.

आत कपडे ठेवायला वेगळी सोय नव्हती. ओव्हरकोट मांडीवर घेऊन बसावे लागले, आणि ते बरेच झाले. अशा इमारतीत हवा गरम करतात, पण दगडी फरशीचा गारठा तळव्यातून वर चढतो. आईने चपलेत घातलेल्या पातळ मोज्यांवर भोगले, वडिलांना लोकरीच्या मोज्यांनी तारले. प्राध्यापकांची मिरवणूक आत येताना आणि बाहेर जाताना सगळे उभे राहतात. कॉलरचा हूक दोन्ही वेळा जागेवर होता. टोपीबद्दल दारातल्या स्वयंसेवकांपासून शेजारच्या खुर्चीतल्या जोडप्यापर्यंत कोणी अवाक्षर काढले नाही. बाहेर पडताना त्या जोडप्याने वडिलांचा हात हातात घेऊन अभिनंदन मात्र केले. थोरल्याला जादा तिकिटावर खांबाआडची जागा मिळाली होती आणि पाय दुमडून बसताना आखूड मोज्यांवर नडगी उघडी पडत होती.

नंतरच्या घरच्या फोटोत तिकीट नसलेला मावसभाऊही आला. तो दिवसभर गाडी चालवायची म्हणून जीन्स आणि हुडी घालून आला होता. फोटोत तो आपणहून कडेला सरकलेला दिसतो. तिकीट नव्हते म्हणून कपड्यांबद्दल त्याला कोणी काही सांगितलेच नव्हते.

वेगळे काय करता आले असते

क्रम उलटा हवा होता. आधी थर्मल आणि बूट, मग माप. शिवून घेणाऱ्या बहुतेक घरांत कपडा आधी आणि बूट शेवटी येतो, आणि मग ट्रायलच्या दिवशी गडबड उडते. निमंत्रण हाती येताच हे दोन्ही घेतले असते तर मायेवर विसंबायची वेळ आली नसती. समारंभाआधी किमान सहा आठवडे कापड टेलरकडे पडावे, लगीनसराईत आठ.

टोपीचा मेल पहिल्याच दिवशी जायला हवा होता.

थोरल्याच्या सुटावर आणखी एक नजर हवी होती. घालून पाठ फिरवायची आणि दुसऱ्याने मागून पाहायचे, एवढ्याने फुली सापडली असती. सूट एक माप सैल, निदान आत एक पातळ थर मावेल इतका घेऊन टेलरकडून कमरेत आणि बाहीत बसवून घेता आला असता. मोजे पोटरीच्या मध्यापर्यंतचे. फुगीर जॅकेटऐवजी उसना ओव्हरकोट त्याच्यासाठीही मागता आला असता.

मावसभावाला आठ दिवस आधी एक फोन पुरला असता: साधी काळी पँट, कॉलरचा शर्ट आणि स्वेटर गाडीत टाकून ये. दारातून आत कोण जाणार यापेक्षा फोटोत कोण येणार हे पाहून पोशाख सांगावा.

एका गोष्टीवर घरात अजून दुमत आहे. मुलीला वाटते, वडिलांनी धोतर नेसले असते तर जास्त शोभले असते. बंद गळ्याच्या कोटाखाली धोतर खरोखरच देखणे दिसते आणि आत थर्मलचा पायजमाही मावतो. पण जानेवारीच्या वाऱ्यात चढावर ते सांभाळणे आणि ओल्या रस्त्यावरचे शिंतोडे यांमुळे आमचा कौल पँटलाच आहे. हाच समारंभ जुलैत असता तर धोतर नक्की सुचवले असते, आणि कोटाचे कापड पातळ लोकरीचे, अर्ध्या अस्तराचे.

हा कोट पुढच्या वर्षी पुतण्याच्या पदवीदानाला अमेरिकेत न्यायचा वडिलांचा विचार आहे. तो नेऊ नये. तिथले समारंभ बरेचदा मे महिन्यात, उघड्या स्टेडियममध्ये, उन्हात तापलेल्या ॲल्युमिनियमच्या बाकांवर दोन-तीन तास चालतात. त्यासाठी फिकट सुती पँट, पूर्ण बाह्यांचा सुती शर्ट, वर सुती बंडी आणि तीच पांढरी टोपी पुरे. ऊन आले तर बंडी काढता येते. स्टेडियममध्ये अनेक ठिकाणी पारदर्शक पिशवीच आत नेऊ देतात, तेव्हा चष्मा, औषधे आणि पाण्याची बाटली कशात न्यायची हे आधी बघून ठेवावे. बूट मात्र हेच, पातळ सुती मोज्यांवर, आत एक जादा तळ घालून.